आधी नोंद, मग सुरुंग

पाऊस सुरू झाला की आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दरवर्षी एक विषय ठरलेला. गोगलगायी. कंपाउंडच्या भिंतीवर, पार्किंगमध्ये, तुळशीच्या कुंडीत, बघावं तिथे. मग कोणीतरी लिहितं, "मीठ टाका." दुसरा लिहितो, "सगळ्यांनी मिळून टाका." यंदा मीही किलोभर जाडं मीठ घेऊन खाली उतरलो. बरोबर मुलगी, सातवीत आहे. तिने टॉर्च मारला आणि विचारलं, "बाबा, या सगळ्या एकाच जातीच्या आहेत का?"

मला उत्तर येईना. टॉर्चच्या उजेडात नीट पाहिलं तर एक मोठी, उभट शंखाची, तपकिरी पट्ट्यांची. शेजारी एक चपट्या शंखाची, रुपयाच्या नाण्याएवढी. आणि भिंतीच्या भेगेत आणखी काहीतरी, मुगाच्या दाण्याएवढं. आणि माझ्या हातात तिघींसाठी एकच मीठ.

त्या रात्री मला एक जुनी गोष्ट आठवली. कधी सांगितली नव्हती, आज सांगतो. दहा-बारा वर्षांपूर्वी आपल्याच भागात एका डोंगराच्या कामासाठी जनसुनावणी होती. मंडप, खुर्च्या, समोर साहेब, मागे गावकरी. नोकऱ्या, धूळ, घरांना गेलेले तडे, डंपर, सगळे विषय झाले. शेवटी एक कॉलेजचा पोरगा उभा राहिला. म्हणाला, या डोंगरावरच्या गोगलगायी आणि बेडकांची कोणी मोजदाद केली आहे का? मंडपात हशा पिकला. मागून आवाज आला, "गोगलगायीसाठी डोंगर ठेवाचा काय रं?" पोरगा खाली बसला. दुसऱ्या दिवशी मी बातमीत त्याची एक चौकट टाकली. मथळा दिला "गोगलगायीचा वकील". लोकांना आवडला. मला चार फोन आले शाबासकीचे.

तो मथळा चुकीचा होता. का चुकीचा, ते सांगायला ही पोस्ट.

आधी पार्किंगमधल्या मोठीबद्दल. तिला आपल्याकडे शंखी गोगलगाय म्हणतात. ती इथली नाहीच. मूळची पूर्व आफ्रिकेची. भारतात ती कशी आली याची नोंद आहे. विल्यम बेन्सन नावाचा कंपनी सरकारचा मुलकी अधिकारी होता, गोगलगायींचा मोठा अभ्यासक. १८४७ साली त्याने मॉरिशसहून येताना दोन जिवंत गोगलगायी आणल्या आणि कलकत्त्याला चौरंगीतल्या एका बागेत सोडायला दिल्या. हौस म्हणून. या जातीत प्रत्येक जीव नरही असतो आणि मादीही, आणि एकेक जीव एका खेपेला शंभराच्या वर अंडी घालतो. पुढचं सांगायला नको. २०२२ च्या खरिपात लातूर, बीड, उस्मानाबादकडच्या शेतकऱ्यांचं कोवळं सोयाबीन शंखी गोगलगायींनी रातोरात फस्त केलं, दुबार पेरणीची वेळ आली, ते आपण टीव्हीवर पाहिलंच.

तेव्हा शंखी गोगलगाय वेचलीच पाहिजे, यात वाद नाही. पण हातमोजे घालून वेचा. तिच्यात उंदरांकडून आलेला एक कृमी असू शकतो, तो माणसाच्या मेंदूपर्यंत जाऊ शकतो. कृषी खात्याचा उपाय साधा आहे. गोणपाट गुळाच्या पाण्यात भिजवून संध्याकाळी पसरून ठेवायचं, सकाळी त्याखाली जमलेल्या गोगलगायी गोळा करायच्या आणि मिठाच्या किंवा साबणाच्या पाण्यात टाकायच्या. म्हणजे मीठ बादलीत, जमिनीवर नाही. जमिनीवर पसरलेलं मीठ झाडंही मारतं आणि जे मारायचं नाही तेही मारतं.

"जे मारायचं नाही" ते काय, हे समजायला जरा लांब जावं लागेल. प्रशांत महासागरात ताहितीच्या शेजारी मूरिया नावाचं बेट आहे. तिथे झाडांवर राहणाऱ्या पार्टुला नावाच्या गोगलगायी होत्या. सेंटीमीटर-दोन सेंटीमीटरच्या, रंगीत पट्ट्यांच्या. तिथल्या बाया त्यांच्या शंखांच्या माळा करत. मूरियावर त्यांच्या सात जाती, आणि त्या जगात दुसरीकडे कुठेही नाहीत. हेन्री क्रॅम्प्टन नावाच्या अमेरिकन प्राध्यापकाने विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून या बेटांच्या दऱ्या पायाखाली घातल्या, हजारो शंख मोजले, कुठल्या दरीत कोणत्या पट्ट्यांची गोगलगाय आहे ते लिहून ठेवलं.

मग तिकडेही आपली ही आफ्रिकन बाई पोचली. बागा, शेतं खायला लागली. सरकारी लोकांनी उपाय शोधला. अमेरिकेतल्या फ्लोरिडाकडची एक शिकारी गोगलगाय असते, ती दुसऱ्या गोगलगायींच्या चिकट माग्यावरून जाऊन त्यांना खाते. ती १९७७ मध्ये मूरियावर सोडली. हेतू चांगलाच होता. पण तिला हाताएवढ्या आफ्रिकन गोगलगायीपेक्षा छोटी पार्टुला सोपी वाटली. पार्टुला अंडी घालत नाही, एका वेळी एकच जिवंत पिल्लू देते. किती पुरणार? दहा वर्षांत मूरियाच्या रानातून या जाती जवळजवळ गेल्याच. आफ्रिकन गोगलगाय राहिली.

काही जातींचे शेवटचे थोडे जीव शास्त्रज्ञांनी आधीच उचलून प्राणिसंग्रहालयांत नेले होते. प्लास्टिकच्या डब्यांत त्यांच्या पिढ्या वाढवल्या. त्यातली रायाटिया बेटावरची एक जात १९९६ च्या जानेवारीत लंडनच्या प्राणिसंग्रहालयात संपली. शेवटचा एक जीव होता, तो मेला, जात संपली. बाकीच्यांतल्या काही जाती २०१५ पासून परत बेटांवर नेऊन सोडायला सुरुवात झाली आहे. तीस-चाळीस वर्षं, डझनभर संस्था, कशासाठी तर एका चुकीच्या सरकारी उपायाची भरपाई करायला. आणि तीही शक्य झाली ती कुठे काय होतं हे क्रॅम्प्टनने लिहून ठेवलं होतं म्हणून.

आता तुम्ही म्हणाल, ते समुद्रातलं बेट, आपला काय संबंध?

संबंध आहे. एक तर आपण स्वतः बेटावरचे. उरण हे मूळचं बेट. जुन्या कागदांत त्याचं नाव करंजा. १७८२ च्या सालबाईच्या तहात साष्टी, घारापुरी यांच्याबरोबर करंजाही इंग्रजांकडे राहिलं, ते हेच. मुंबई बंदरातलं एक बेट, त्यावर डोंगर, भोवती खाडी आणि मिठागरं. द्रोणागिरीच्या माथ्यावर पोर्तुगीजांच्या चर्चचे अवशेष आजही आहेत. मिठागरं बुजली, भराव पडला, बंदर आलं, सिडकोचे सेक्टर आले, आणि आपण बेटावर राहतो हे आपण विसरलो. साडेबारा टक्क्यांचं गणित आपल्याला तोंडपाठ आहे, पण आपण उभे आहोत ती जमीन मुळात काय होती ते पोरांना सांगितलं नाही.

दुसरं म्हणजे, बेट व्हायला समुद्रच लागतो असं नाही. आपल्याकडे म्हण आहे, गोगलगाय अन् पोटात पाय. वरून गरीब दिसणाऱ्या आतल्या गाठीच्या माणसासाठी आपण ती वापरतो. गंमत म्हणजे शास्त्रातही तिच्या वर्गाच्या नावाचा अर्थ हाच, पोटपाया. आता पोटाने चालणाऱ्या, अंग वाळलं की मरणाऱ्या जिवाला दोन डोंगरांमधलं उन्हाचं माळरान हे समुद्रासारखंच. ओलांडता येत नाही. म्हणून एका डोंगरावरची गोगलगाय हजारो-लाखो वर्षं तिथेच राहते, तिथलीच होते, वेगळी होते. कधीतरी एखादी पाखराबरोबर जाते, ते खरं. जपानच्या बेटांवर अभ्यासकांनी पक्ष्यांना अगदी बारीक गोगलगायी खाऊ घालून पाहिलं, तर शंभरातल्या चौदा-पंधरा विष्ठेतून जिवंत बाहेर आल्या. आपल्याकडे तर सांगतात की मारुतीराया द्रोणागिरी घेऊन जाताना त्याचा तुकडा इथे पडला. खरंच पडला असेल तर त्याच्याबरोबर चार गोगलगायी नक्की आल्या असतील. पण मारुती रोज येत नाही. पाखरंही क्वचितच कामाला येतात. तेव्हा गोगलगायीसाठी डोंगर म्हणजे बेट.

आणि डोंगर-बेटाचं काय होतं, त्याचं उदाहरण मलेशियात आहे. पहांग राज्यात बुकित पांचिंग नावाची चुनखडीची टेकडी होती. तिच्यावर तांदळाच्या कणीएवढी एक गोगलगाय होती, वेड्यावाकड्या वेटोळ्यांच्या सुरेख शंखाची. प्लेक्टोस्टोमा सायाफिलम तिचं शास्त्रीय नाव, १९५२ मध्ये तिची नोंद झाली. ही एकच टेकडी तिचं जग. सिमेंटसाठी चुनखडी लागते म्हणून टेकडीला खाण लागली. एकेक टप्पा करत अख्खी टेकडी गेली. २०१४ मध्ये आंतरराष्ट्रीय यादीत त्या गोगलगायीच्या नावापुढे "नामशेष" लिहिलं गेलं. विष नाही, शिकारी नाही, रोग नाही. तिचं बेटच डंपरमध्ये भरून गेलं.

त्याच वर्षी मलेशियातल्याच पेराक राज्यात एका दुसऱ्या खाणीच्या डोंगरावर नवी गोगलगाय सापडली. अभ्यासकांनी तिला तिथे चुनखडी काढणाऱ्या लाफार्ज कंपनीचंच नाव देऊन टाकलं. म्हणजे ती गेली तर कंपनीच्या नावाने गेली असं होणार. मोर्चा न काढता एवढंही करता येतं.

आपले डोंगर चुनखडीचे नाहीत, काळ्या पाषाणाचे आहेत. शंख बनवायला चुना लागतो, म्हणून चुनखडीच्या डोंगरांत गोगलगायींची जेवढी गर्दी असते तेवढी आपल्याकडे नसते. हे प्रामाणिकपणे सांगितलं पाहिजे. पण आपल्या काळ्या पाषाणाचीही एक गोष्ट आहे, आणि ती मला मूरियापेक्षा मोठी वाटते.

पिरवाडीच्या खडकांवर, भरतीचे तुषार जिथपर्यंत उडतात तिथे, किंवा खारफुटीच्या खोडांवर छोटे गोल शंख चिकटलेले असतात. आपण लहानपणी ते खरवडून काढायचो. समुद्राचं हे एक जुनं कुटुंब आहे. या कुटुंबातली एक शाखा कधीकाळी समुद्र सोडून गोड्या पाण्यात गेली आणि सह्याद्रीच्या कड्यांवर जाऊन बसली. आज ती धबधब्यांच्या ओल्या भिंतींवर राहते. लाटांच्या तुषारांऐवजी धबधब्याचे तुषार. शंखाचं तोंड बंद करायचं झाकण अजून तसंच, समुद्रातल्या भावंडांसारखं. हे जीव फक्त पश्चिम घाटात आहेत, काही जाती महाराष्ट्रात, काही कर्नाटकात. जगात इतरत्र कुठेही नाहीत.

यातल्या आपल्याकडच्या एका जातीची नोंद १८६३ मध्ये विल्यम ब्लॅनफर्डने केली. हा भारतीय भूगर्भ सर्वेक्षणाचा माणूस. काम होतं दगड बघायचं, पण दगडावर काय बसलंय तेही लिहून ठेवायचा. त्याचा भाऊ हेन्री भारतीय हवामान खात्याचा पहिला प्रमुख. एक भाऊ पाऊस मोजत होता, दुसरा पावसावर जगणारे जीव. विल्यमने त्या गोगलगायीला नाव दिलं ते सह्याद्रीचं, सिहाड्रेन्सिस. आणि नंतर सगळ्या गटाला नाव दिलं क्रेम्नोकॉन्कस, म्हणजे कड्यावरचा शंख. त्यानंतर दीडशे वर्षांनी, २०१३ मध्ये, लंडनचे डेव्हिड रीड आणि आपल्याकडचे अरविंद आणि मध्यस्थ या अभ्यासकांनी या गटाचा पुन्हा पूर्ण अभ्यास केला, तेव्हा कितीतरी नव्या जाती निघाल्या. एकेकीचा मुलूख अगदी छोटा. काही धबधबे, काही ओढे, संपलं.

मी हा जीव बहुतेक पाहिला होता, ओळखला नव्हता. एका पावसाळ्यात घाटात दरड कोसळल्याच्या बातमीसाठी गेलो होतो. रस्त्याकडेच्या ओल्या कातळावर मोहरीपासून हरभऱ्यापर्यंतच्या आकाराचे काळपट दाणे चिकटलेले दिसले. मला वाटलं, हे समुद्रातले शंख इथे कसे? फोटोग्राफरला म्हटलं, दरडीचा फोटो घे, चल. दरड पहिल्या पानावर आली. कातळावरचे ते दाणे कुठेच आले नाहीत.

आणि हे सगळं इंग्रजांच्या काळातच संपलं असंही नाही. २०२१ मध्ये आंबोलीच्या जंगलातल्या एका अर्ध्या शंखाच्या गोगलगायीची नोंद झाली. शंख एवढा लहान की ती त्यात मावतच नाही. नुसती नवी जात नाही, अख्खी नवी प्रजाती. तिचं नाव वरदिया आंबोलिएन्सिस, आपल्या सरीसृपतज्ज्ञ वरद गिरींच्या नावावरून. शोधणाऱ्यांत सांगोल्याच्या कॉलेजातले अमृत भोसले आहेत, मुंबईचे तेजस ठाकरे आहेत. (आडनाव वाचून खाली राजकारण सुरू करू नका, विषय गोगलगायीचा आहे.) सांगायचं एवढंच की आंबोलीसारख्या, दर पावसाळ्यात हजारो लोक जातात अशा ठिकाणी एवढा मोठा जीव एकविसाव्या शतकापर्यंत बिननावाचा होता.

त्याच आंबोलीत हिरण्यकेशीच्या देवळाजवळ एक छोटा मासा सापडला, २०२० मध्ये त्याची नोंद झाली. पुढच्याच वर्षी राज्य सरकारने तिथली २.११ हेक्टर जागा जैविक वारसा स्थळ म्हणून जाहीर केली. २.११ हेक्टर म्हणजे साधारण पाच एकर. बंदर थांबलं नाही, रस्ता थांबला नाही, कोणाचं घर गेलं नाही. एका माशाची नोंद झाली आणि पाच एकर वाचलं. नोंद नसती तर ते पाच एकर कोणाच्या लक्षातही आलं नसतं.

आता आपल्याकडे वळतो. विमानतळासाठी उलव्याचा डोंगर गेला, सुमारे नव्वद मीटर उंचीचा. आपण सगळ्यांनी तो उतरताना पाहिला. २०२५ च्या ऑक्टोबरात विमानतळाचं उद्घाटन झालं, आपल्याला आनंदही झाला आणि दि. बा. पाटलांच्या नावाने डोळेही भरून आले. मी विकासाच्या विरोधात नाही. माझं स्वतःचं घर भरावावर आहे, तो भराव कुठल्यातरी डोंगरातून आला. माझ्या छपरासाठी फुटलेल्या डोंगरावर मी रडलो तर तो दांभिकपणा होईल. पण उरण-पनवेलच्या पट्ट्यात आजही डोंगर कापले जातात, सुरुंग लागतात, आणि डोंगर किती ब्रास निघाला याचा हिशोब पावतीसकट असतो. त्याच डोंगरावर जिवंत काय होतं, याचाही हिशोब पावतीसकट असावा, एवढंच माझं म्हणणं.

हे मी हवेत बोलत नाही, कायदा आहे. २००२ चा जैवविविधता कायदा. त्यानुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत, नगरपालिकेत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी आणि लोक जैवविविधता नोंदवही असायला हवी. गावातली झाडं, मासे, पाखरं, औषधी वनस्पती, किडे, सगळं त्यात लिहायचं. आपल्या ग्रामपंचायतीत जा आणि ती वही दाखवा म्हणून सांगा. कोणाशी भांडायचं नाही, नुसती बघायला मागायची. उघडा, आणि बघा त्यात गोगलगाय हा शब्द आहे का. नसेल तर लिहून द्या. आणि पुढची जनसुनावणी लागेल तेव्हा उभे राहा आणि बोला. तिथे बोललेला शब्द इतिवृत्तात जातो. हसले तरी जातो.

लिहायला पदवी लागत नाही. मोबाइल काढा, वरून एक फोटो, बाजूने एक फोटो, शेजारी एक नाणं ठेवा म्हणजे आकार कळतो. तारीख आणि ठिकाण लिहा. आयनॅचरलिस्टसारख्या ठिकाणी टाका, जाणकार लोक नाव सांगतात. डिप्लोमाला आम्हाला शिकवलं होतं, कोण, काय, कुठे, कधी. बातमीला लागतं तेवढंच गोगलगायीलाही लागतं.

परवा रविवारी मुलीला घेऊन द्रोणागिरीवर गेलो होतो. पाऊस भुरभुर होता. तिने दोन तासांत अकरा फोटो काढले. मी चार. घरी येऊन तिने वहीत तक्ता आखला, मोठी-छोटी, चपटी-उभट, दगडावर-पानावर. खाली सोसायटीत मिठाची पिशवी अजून आहे. ती आता बादलीशेजारी ठेवली आहे, शंखीसाठी. बाकीच्यांना तिने "वेटिंग" असं नाव दिलंय, म्हणजे ओळख पटेपर्यंत हात लावायचा नाही.

त्या सुनावणीतला पोरगा आज कुठे आहे मला ठाऊक नाही. तो डोंगर मात्र कुठे आहे ते ठाऊक आहे. कोणाच्या तरी रस्त्याखाली, कोणाच्या तरी पायाखाली, कदाचित माझ्याच. पोरगा हे वाचत असेल तर त्याला एवढंच सांगतो: दादा, तो मथळा मी मागे घेतो. प्रश्न बरोबर होता. तेव्हा तो मी विचारायला हवा होता, ते माझं कामच होतं.